चित्रपटातील लोकजीवन व चित्रणाचा अधिकार

मीरा-भाईंदरच्या पश्चिम किनाऱ्यावर उत्तन, पाली, चौक ही मच्छीमारांची गावे आहेत. डोल जाळ्याची मासेमारी व वलांडीवर बोंबील सुकविणे हा तेथील नित्याचा व्यवसाय. तेथील कोळ्यांत ख्रिस्ती कुटुंबे पुष्कळ. लोकप्रिय चित्रपटांनी रूढ केलेला कोळी मात्र बहुधा नाच, गाणे व पेहराव यांपुरताच उरला. स्थळ व माणसे खरी असली म्हणजे चित्रणही खरे ठरते, असा समज आहे. तो कितपत ग्राह्य धरावा, हा येथील प्रश्न होय.

या प्रश्नाचा विचार कॅनडातील इनुइट लोकांच्या उदाहरणाने स्पष्ट होतो. रॉबर्ट फ्लाहर्टी यांच्या १९२२ च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या चित्रपटात हिम खरे होते आणि माणसेही खरी होती. परंतु नायकाचे नाव नानूक नसून अलाकारिआलाक होते. त्या काळी इनुइट शिकारी बंदुका वापरीत असताना पडद्यावर भाल्यांची शिकार दाखविण्यात आली. आणि प्रकाशासाठी हिमगृहाची एक बाजू उघडी ठेवावी लागली. काय दाखवावयाचे, याचा अंतिम निर्णय इनुइटांचा नव्हता.

१९९० मध्ये इग्लुलिक येथे स्थापन झालेल्या ‘इसुमा’ या संस्थेने ही स्थिती पालटली. झकारियास कुनुक दिग्दर्शित ‘अतानारजुआत’ (२००१) हा इनुक्टिटुट भाषेतील चित्रपट तेथील मौखिक परंपरेतील कथेवर आधारलेला असून त्यास कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीचे ‘कॅमेरा द’ओर’ पारितोषिक मिळाले. त्याचे छायाचित्रण न्यूयॉर्कहून आलेल्या नॉर्मन कोन यांनी केले. यावरून परक्याचा सहभाग हा दोष नव्हे, हे सिद्ध होते. निर्णय कोणाकडे राहतो, हे निर्णायक ठरते.

महाराष्ट्रातही असाच भेद आढळतो. गो. नी. दांडेकर यांच्या कादंबरीवरील, जब्बार पटेल दिग्दर्शित ‘जैत रे जैत’ (१९७७) ठाकरांचे जीवन आस्थेने रंगविते. तथापि मोहन आगाशे व स्मिता पाटील हे प्रमुख कलावंत नागर रंगभूमी व चित्रपटांतून आलेले होते. जेऊर (ता. करमाळा) येथे वाढलेल्या नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ (२०१३) निराळ्या भूमीवर उभा आहे. कथेतील कुटुंब कैकाडी. दिग्दर्शक वडार समाजातील. अर्थात जात एक नाही. पण जातीय अवहेलनेचा अनुभव त्यांना जवळचा आहे. डुक्कर वाहून नेणाऱ्या मुलामागे शाळेच्या भिंतीवर आंबेडकर व फुले यांची चित्रे दिसतात, आणि अखेर त्या मुलाने भिरकावलेला दगड प्रेक्षकाच्याच दिशेने येतो. बघ्याच्या भूमिकेत स्वस्थ बसणे त्या क्षणी प्रेक्षकास अशक्य होते.

तात्पर्य, चित्रपटास इतिहासाचे साधन मानताना केवळ पडद्यावरील मुखे मोजून भागणार नाही. भाषा कोणाची, प्रसंगांची निवड कोणाची आणि लाजेचे व अभिमानाचे विषय कोणी ठरविले, हे पाहिले पाहिजे. उत्तनच्या कोळीवाड्यावर चित्रपट निर्माण होईल तेव्हा त्याचे मूल्यमापनही याच कसोटीने करावे लागेल.