कुन, अनाहत आणि वाहिऱ्याचे शेख महंमद

मोबाईलवर हल्ली ‘विश्वाची फ्रीक्वेन्सी’ विकणारे बरेच भेटतात. 432 हर्ट्झची धून लावा, डोळे मिटा, ब्रह्मांडाशी जोडले जा. यात विज्ञान शोधायला जाऊ नये. पण सृष्टी एका नादावर उभी आहे आणि ग्रंथातला शब्द त्याच नादाचा अंश आहे, ही कल्पना मात्र फार जुनी. ती ज्या मराठी मुसलमानाने आयुष्यभर जवळ बाळगली, त्याचं गाव आमच्या बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यात आहे.

गावाचं नाव वाहिरा. परंपरेनुसार शेख महंमद मूळ इथले. पुढे ते चांभारगोंदे, म्हणजे आजचं श्रीगोंदा, इथे स्थायिक झाले आणि तिथेच त्यांची समाधी आहे. शिवाजी महाराजांचे आजोबा मालोजीराजे भोसले यांनी त्यांना गुरू मानून तिथे आणलं, असं सांगितलं जातं. ‘योगसंग्राम’, ‘पवनविजय’, ‘निष्कलंकप्रबोध’ ही त्यांची ग्रंथसंपदा. पैकी ‘योगसंग्राम’ शके 1567 चा, म्हणजे 1645 सालचा. अठरा प्रसंगांच्या या ओवीबद्ध ग्रंथात साधकाने स्वतःच्याच विकारांशी मांडलेलं युद्ध आहे. ‘पवनविजय’ या नावातच श्वास आहे. कुणी म्हणेल, मुसलमान माणूस योगावर लिहितो म्हणजे तो ‘तिकडे’ गेला. हा निष्कर्ष घाईचा आहे. का, ते पाहू.

सुफींकडे श्वासावरची साधना शेख महंमदांच्या आधीपासून होती. ‘अमृतकुंड’ या योगग्रंथाची अरबी आणि फारसी रूपांतरं सुफी खानकाहांमधून वाचली जात. ग्वाल्हेरचे शत्तारी सुफी मुहम्मद गौस यांनी सोळाव्या शतकात ‘बहर-उल-हयात’ या नावाने त्याचं फारसी रूप सिद्ध केलं. शत्तारी पीर दख्खनेतही होतेच, त्यामुळे प्राणायाम हा शब्द ऐकून इथल्या सुफीला दचकायचं कारण नव्हतं.

नादाबद्दल सर्वांत स्पष्ट लिहिलं ते दारा शुकोहने. ‘रिसाला-ए-हकनुमा’ ही त्याची पुस्तिका 1646 ची, म्हणजे ‘योगसंग्रामा’नंतर जेमतेम वर्षभराची. एक शहाजहानचा शहजादा, दुसरा श्रीगोंद्याचा फकीर. दोघांची गाठ पडल्याचा कुठेच उल्लेख नाही. दारा ‘सुलतान-उल-अजकार’ नावाच्या साधनेचं वर्णन करतो: एकांतात बसून तो नाद ऐकायचा, जो कशावर काही आपटल्याने उमटत नाही. पुढे 1655 च्या ‘मजमा-उल-बहरैन’मध्ये त्याने आवाजावर स्वतंत्र प्रकरणच लिहिलं. त्याच्या मते सृष्टीच्या आरंभी ‘कुन’, म्हणजे ‘हो’, हा शब्द ज्या रहमानी श्वासातून निघाला, त्यातूनच सगळे आवाज आले. त्याचे प्रकार तीन. पहिला अनाहत, जो कायम होता, आहे आणि राहील. दुसरा आहत, जो आघाताने निर्माण होतो पण शब्द बनत नाही. तिसरा शब्द.

या तीन पायऱ्या नीट लावून पाहा. वर नाद, खाली शब्द, आणि शब्दाच्याही खाली कागदावरची शाई. म्हणजे ग्रंथ आणि जग ही एकाच आवाजाची दोन अपत्यं ठरतात. ‘कुन फयकुन’ आपल्याकडच्या पोराटोरांना 2011 च्या ‘रॉकस्टार’मुळे पाठ आहे. पण कुरआनात ते अनेक ठिकाणी येतं आणि तिथे आज्ञा व अस्तित्व यांच्यात अंतरच नाही. वह्यीसुद्धा आधी ऐकली गेली, मग लिहिली गेली. ती कधीकधी घंटेच्या निनादासारखी येई, असं खुद्द पैगंबरांनी सांगितल्याची हदीस बुखारीत आहे.

मराठीत पाहा. 1290 च्या ज्ञानेश्वरीच्या आरंभीचा गणेश वाङ्मयाचाच बनलेला आहे, वेद हे त्याचं शरीर. सहाव्या अध्यायात कुंडलिनी जागी होते आणि अनाहताचं वर्णन येतं. त्या ज्ञानेश्वरीत शिरलेले अपपाठ काढून एकनाथांनी 1584 मध्ये शुद्ध प्रत तयार केली. एकनाथांचे गुरू जनार्दनस्वामी, देवगिरीचे किल्लेदार. आणि जनार्दनस्वामींचे गुरू चांद बोधले, ज्यांची कबर देवगिरीच्या परिसरात आहे, असं मानणारी परंपरा आहे. हेच चांद बोधले शेख महंमदांचेही गुरू. म्हणजे ज्ञानेश्वरी शुद्ध करणारे नाथ आणि ‘योगसंग्राम’ लिहिणारे शेख एकाच सिलसिल्यात येतात. रा. चिं. ढेरे यांच्या ‘मुसलमान मराठी संतकवी’नंतर हा धागा मराठी वाचकाला अपरिचित राहू नये, पण राहिला.

लोकांनी ही गोष्ट तत्त्वज्ञानात नाही, आख्यायिकेत सांभाळली. देहूत तुकोबांचं कीर्तन चालू असताना मंडपाला आग लागली आणि कित्येक कोसांवर श्रीगोंद्यात बसलेल्या शेख महंमदांनी ती जागेवरूनच विझवली, अशी कथा आहे. इतिहास म्हणून ती मांडता येणार नाही. पण ती रचणाऱ्याला काय म्हणायचं होतं, ते कळतं: देहूचं कीर्तन आणि श्रीगोंद्याचा फकीर यांच्यात एक तार आहे, आणि तिकडे झळ लागली तर इकडे कळतं.

अलीकडे श्रीगोंद्यात त्यांचं समाधिस्थळ मंदिर की दर्गा, असा वाद पेटला आहे. आपल्यातल्या काहींना ते ‘पुरेसे मुसलमान’ वाटत नाहीत, समोरच्या काहींना त्यांचं मुसलमान असणंच अडचणीचं वाटतं. मला दोन्ही बाजूंची एकच तक्रार करावीशी वाटते, ती म्हणजे कुणी वाचत नाही. शेख महंमदांनी आपलं अविंधपण, म्हणजे मुसलमानपण, लपवलं नाही आणि विठ्ठलही लपवला नाही. वा. सी. बेंद्रे यांनी ‘योगसंग्राम’ 1959 मध्ये छापून आणला. वादातल्या भाषणांत मात्र त्यातली एखादी ओवी कुणी म्हटल्याचं माझ्या तरी कानावर आलेलं नाही.