कार्लाईल शाळेचा 1912 चा हंगाम



कामगार संघटनेच्या माणसाने फुटबॉलवर काय बोलावे, अशी शंका काहींना आली असेल. शंका रास्त आहे. खेळातले मला फारसे कळत नाही. पण राबले कोण आणि पैसा कुणाच्या पेटीत पडला, हे शोधण्याची खोड जडली आहे. तिच्यापायी मी या विषयाकडे वळलो.

प्रथम एक खुलासा. अमेरिकेत फुटबॉल म्हणतात तो आपल्या मैदानावरचा नव्हे. अंडाकृती चेंडू हातात धरून, अंगावर येणाऱ्याला चुकवीत किंवा आडवा पाडीत पुढे घुसायचे, असा तो खेळ. 1905 च्या सुमारास त्यात इतकी मुले दगावली की राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांना स्वतः लक्ष घालावे लागले. 1906 साली चेंडू पुढे फेकण्याची मुभा मिळाली. 1912 साली दहा यार्ड सरकण्यासाठी तीनाऐवजी चार संधी मिळू लागल्या. आडदांड संघापेक्षा चपळ संघाला हे नियम अधिक मानवले, आणि असा एक चपळ संघ पेन्सिल्व्हेनियातल्या कार्लाईल गावी तयार होता.

कार्लाईलची संस्था खऱ्या अर्थाने कॉलेज नव्हतीच. 1879 साली कॅप्टन प्रॅट यांनी लष्कराच्या रिकाम्या बराकींत ही शाळा काढली, ती ज्यांना आपण रेड इंडियन म्हणत आलो त्या मूळ रहिवाशांच्या मुलांसाठी. मुलगा आला की त्याचे केस कापायचे, त्याची भाषा बंद करायची, नावही बदलायचे. सुट्टीत त्याला गोऱ्या शेतकऱ्याच्या घरी कामाला धाडायचे आणि मजुरीतला मोठा भाग शाळेने आपल्याकडे ठेवायचा. घरी परत न गेलेल्या मुलांच्या पावणेदोनशेवर कबरी तिथे झाल्या; त्यांतल्या काहींचे अवशेष 2017 पासून त्यांच्या जमातींकडे परत जाऊ लागले आहेत. फुटबॉलवर प्रॅट यांनी आधी बंदी घातली होती. मुलांनीच आर्जवे करून ती उठविली.

आता 1912 चा हंगाम. 21 सप्टेंबर ते 28 नोव्हेंबर, म्हणजे एकोणसत्तर दिवसांत चौदा सामने. बारा जिंकले, एक बरोबरीत सुटला, एक हरले. केलेले गुण 504, दिलेले 114. आकडे ऐकून टाळ्या पडतात. मी मात्र वेळापत्रक पाहत बसलो. 26 ऑक्टोबरला वॉशिंग्टनमध्ये जॉर्जटाऊनशी सामना, 28 ला कॅनडात टोरांटोशी, 2 नोव्हेंबरला पुन्हा पेन्सिल्व्हेनियात लीहायशी. आठ दिवसांत तीन सामने, आणि मधला वेळ आगगाडीत. कारण उघड आहे. कार्लाईलच्या मैदानावर प्रेक्षक थोडे. तिकिटे खपत ती मोठ्या शहरांत, म्हणून संघ सदा परगावी.

9 नोव्हेंबरचा सामना वेस्ट पॉइंटला, भूदलाच्या छात्रांशी होता. याच सैन्याने अवघ्या बावीस वर्षांपूर्वी वुंडेड नी येथे लकोटा जमातीच्या बायकापोरांसह शेकडो माणसे मारली होती. पहिला टचडाऊन सैन्याने केला. पुढे कार्लाईलच्या अ‍ॅलेक्स अर्कासाने तीन केले आणि सामना 27–6 असा संपला. जो गायॉन नावाच्या गड्यावर धसमुसळेपणाने तुटून पडल्याबद्दल सैन्याच्या कप्तानालाच मैदानाबाहेर काढावे लागले. हरलेल्या छात्रांत आयसेनहॉवर नावाचा एक तरुण होता. तो 1953 साली राष्ट्राध्यक्ष झाला. पुढच्याच शनिवारी पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठाने कार्लाईलला 34–26 असे हरविले. मला त्याचे नवल वाटत नाही. माणसाचे अंग म्हणजे यंत्र नव्हे, आणि यंत्रालाही तेल लागते.

संघाचा कप्तान जिम थॉर्प. त्याच उन्हाळ्यात स्टॉकहोमच्या ऑलिंपिकमध्ये त्याने दोन सुवर्णपदके मिळविली होती. जानेवारी 1913 मध्ये वर्तमानपत्रात छापून आले की 1909 आणि 1910 साली त्याने नॉर्थ कॅरोलिनात पैसे घेऊन बेसबॉल खेळले. कित्येक कॉलेजकुमार खोट्या नावाने हेच करीत; याने आपले खरे नाव लावले, एवढाच फरक. तक्रारीची तीस दिवसांची मुदत केव्हाच टळली होती, तरी पदके काढून घेतली. 1983 साली त्यांच्या प्रतिकृती त्याच्या मुलांना मिळाल्या, आणि तो एकटाच विजेता असे मान्य व्हायला 2022 साल उजाडले. तो तर 1953 सालीच वारला होता.

पैसे घेतले हा थॉर्पचा गुन्हा. मग सामन्यांचा गल्ला? तो शाळेच्या क्रीडानिधीत जाई. त्यातून प्रशिक्षक वॉर्नर यांचा पगार निघे, इमारती उभ्या राहत. खेळणाऱ्यांना एक सूट आणि एक ओव्हरकोट. मजुरीऐवजी कापड देण्याची ही युक्ती मला नवी नाही. एका गिरणीत कबड्डीच्या गड्यांना दिवाळीला धोतरजोडी देत, ती मी पाहिली आहे. आणि मानाचे म्हणाल, तर त्याच काळात, 1911 साली, आपले पाळवणकर बाळू इंग्लंडचा दौरा गाजवून आले. हिंदू संघाचे कप्तानपद मात्र त्यांना कधी दिले गेले नाही. ते 1923 साली त्यांचे धाकटे भाऊ विठ्ठल यांना मिळाले.

कार्लाईलच्या मुलांनी पुढे जे केले ते मला सामन्यांहून मोठे वाटते. त्यांनी अर्ज केला. 1912 च्या संघात चेंडू पुढच्यांच्या हाती देणारा गस वेल्च यात पुढे होता. शाळेच्या कारभाराची चौकशी व्हावी, अशा मागणीखाली 276 विद्यार्थ्यांनी सह्या केल्या. 1914 च्या फेब्रुवारीत अमेरिकन काँग्रेसची समिती कार्लाईलला येऊन बसली. वेल्चने समितीपुढे उभे राहून, वॉर्नर खेळाडूंना शिवीगाळ करतात, असे सांगितले. ज्याच्या हाताखाली नाव मिळविले त्याच्याविरुद्ध साक्ष द्यायला काय लागते, हे खात्यातल्या मुकादमाविरुद्ध बोललेला माणूस जाणतो. क्रीडानिधीचे हिशेब उघडे पडले. अधीक्षक फ्रीडमन यांना जावे लागले. आणखी एक हंगाम संपवून वॉर्नर पिट्सबर्गला गेले. शाळा 1918 साली बंद झाली आणि बराकी पुन्हा लष्कराकडे गेल्या.