अलेक्झांडर, यवन आणि नाशिकची लेणी

इतिहासाच्या तासाला अलेक्झांडरच्या स्वारीचा नकाशा टांगला की एक प्रश्न हमखास येतो, ‘तो आपल्याकडे आला होता का?’ आम्ही गारखेड्यातल्या मुलांना याचे उत्तर नकाशावरूनच काढायला सांगतो. स्वारीची रेघ बियास नदीपाशी मागे वळते. ती जागा साधारण ३२ अंश अक्षांशावर आहे आणि आपले छत्रपती संभाजीनगर २० अंशांवर. रेखांश दोन्हींचा जवळपास सारखाच, ७५ अंश. अक्षांशाच्या एका अंशाचे अंतर सुमारे १११ किलोमीटर असते. म्हणजे इ. स. पू. ३२६ मध्ये थकलेल्या मॅसिडोनियन सैनिकांनी पुढे जायला नकार दिला ते ठिकाण आपल्या थेट उत्तरेला सुमारे तेराशे किलोमीटरवर आहे. अलेक्झांडर इथे आला नाही.

दुसरा प्रश्न याहून अवघड आहे. गौतमीपुत्र सातकर्णीने शक, यवन आणि पल्हव यांचा पराभव केला, हे वाचून एका विद्यार्थ्याने विचारले, ‘यवन म्हणजे मुसलमान ना?’ त्याचा प्रश्न प्रामाणिक होता. मराठी बखरींत हा शब्द त्याच अर्थाने येतो. पण सातकर्णीच्या काळाला तो अर्थ लावला तर इतिहास पाचशे वर्षांनी चुकतो. म्हणून दोन्ही प्रश्न एकत्र घेऊ.

आधी स्वारीबद्दल. इ. स. पू. ३३४ मध्ये आशियात उतरलेल्या सैन्याबरोबर पावले मोजत अंतरांची नोंद ठेवणारी माणसेही होती. परतताना इ. स. पू. ३२५ मध्ये निआर्कस आरमार घेऊन सिंधूच्या मुखापासून किनाऱ्याकिनाऱ्याने इराणच्या आखातात गेला. निघाल्यावर लगेचच मोसमी वाऱ्यांनी त्याला अडवले आणि वारे पडेपर्यंत त्याला बंदरात थांबून राहावे लागले. स्वारीत मिळालेल्या माहितीवरून थिओफ्रास्टसने आपल्या वनस्पतींवरच्या ग्रंथात पारंब्या जमिनीत रोवणाऱ्या वडाचे वर्णन केले. ही सारी ज्ञानात पडलेली खरी भर होती.

पण त्याच माहितीत भेसळही झाली. मॅसिडोनियनांनी हिंदुकुश पर्वताला ‘कॉकेशस’ म्हटले आणि तिथली एक गुहा प्रोमेथियसची म्हणून दाखवली. ग्रीक पुराणकथेत कॉकेशस जगाच्या टोकाला होता. तो ओलांडला असे म्हटले की राजाचा पराक्रम आपोआप मोठा होई. पृथ्वीचा परीघ मोजणाऱ्या एराटोस्थेनीसने ही खुशामत आहे, असे पुढे सांगितले. त्या पिढीचे मूळ वृत्तान्त आज हरवले आहेत. आपण ज्याच्यावर सर्वाधिक विसंबतो तो एरियन इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला, म्हणजे घटनेनंतर सुमारे साडेचारशे वर्षांनी लिहिणारा. भारतातल्या समकालीन साहित्यात तर अलेक्झांडरचा उल्लेखही नाही.

आता ‘यवन’ हा शब्द पाहू. आशिया मायनरच्या किनाऱ्यावरच्या आयोनिया प्रांतातल्या ग्रीकांना इराणी लोक ‘यौन’ म्हणत. दारयवौश राजाच्या शिलालेखांत हा शब्द आहे आणि ते अलेक्झांडरच्या जवळजवळ दोनशे वर्षे आधीचे आहेत. प्राकृतात ‘योन’ किंवा ‘योनक’ आणि संस्कृतात ‘यवन’ ही त्याचीच रूपे. शब्द आपल्याकडे रुळला तो प्रथम ग्रीकांसाठी, नंतर पश्चिमेकडून आलेल्या इतरांसाठीही. इस्लामचा उदय सातव्या शतकातला. मुस्लिम राज्यकर्त्यांना हा जुना शब्द लावला गेला तो त्याहीनंतर.

याचा पुरावा आपल्यापासून सुमारे दोनशे किलोमीटरवर, नाशिकच्या पांडवलेण्यांत आहे. तिथल्या तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्रीचा लेख आहे. नातू पुळुमावीच्या १९ व्या राज्यवर्षात, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात, ही राजमाता आपल्या दिवंगत मुलाचा गौरव करते. शक, यवन, पल्हवांचा संहार करणारा असे ती त्याला म्हणते. इथले यवन लढाईतले शत्रू आहेत.

त्याच डोंगरात चालत पुढे गेले की १७ वे लेणे लागते. ते खोदवणारा इंद्राग्निदत्त स्वतःची ओळख उत्तरेकडचा, दत्तामित्रीचा रहिवासी ‘योनक’ अशी करून देतो. दत्तामित्री हे शहर डिमिट्रियस या ग्रीक राजाच्या नावावरून वसले असावे, असे अभ्यासक मानतात. आई-वडिलांच्या पुण्यासाठी त्याने लेणे, आत चैत्यगृह आणि पाण्याच्या पोढी करवल्या आणि सगळे बौद्ध भिक्षुसंघाला दिले. वडिलांचे नाव धम्मदेव, मुलाचे धम्मरखित. तीन पिढ्यांची नावे इथलीच, तरीही तो स्वतःला योनक म्हणवतो. जुन्नरलाही इरिल नावाच्या यवनाने पाण्याची टाकी आणि चित नावाच्या यवनाने भोजनमंडप दिल्याचे लेख आहेत. कार्ले येथील चैत्यगृहाचे काही खांब धेनुकाकटच्या यवनांनी दिलेले आहेत.

या माणसांना इतिहासात कुठे बसवायचे, यावर विद्वानांचे एकमत झाले नाही. जर्मन इतिहासकार ड्रॉयझेनने १८३३ मध्ये अलेक्झांडरचे चरित्र लिहिले आणि पूर्व-पश्चिम एकत्र आणणारा नायक म्हणून तो रंगवला. इंग्रजी अमलात लिहिणाऱ्यांना ही प्रतिमा सोयीची होती. पश्चिमेकडून आलेला जेता सुधारणा आणतो, असा तिचा सूर होता. डब्ल्यू. डब्ल्यू. टार्न यांनी १९३८ मध्ये भारतातली ग्रीक राज्ये ग्रीक जगाचाच भाग मानली. अवध किशोर नारायण यांनी १९५७ मध्ये उलट बाजू मांडली : हा भारताच्याच इतिहासाचा भाग आहे. इंद्राग्निदत्ताचा लेख वाचला की नारायण यांचे म्हणणे पटते. पण तो योनक ही ओळखही पुसत नाही, हे विसरता येत नाही.

वर्गात हा धडा घेताना फळ्यावर तीन रकाने आखावेत : कोण सांगतो, केव्हा सांगतो, कशासाठी सांगतो. पहिल्या रकान्यात एरियन, गौतमी बलश्री, इंद्राग्निदत्त, बखरकार आणि ड्रॉयझेन अशी नावे लिहावीत आणि उरलेले रकाने मुलांकडून भरून घ्यावेत. आमच्या त्या विद्यार्थ्याने तक्ता भरल्यावर ‘यवन’ या शब्दापुढे स्वतःहून कंसात शतक लिहायला सुरुवात केली. तेवढी सवय लागली तरी हा तास सार्थकी लागला, असे आम्हाला वाटते.