पवईचा ‘प्रथम’

२००७ साली पवईच्या आयआयटीत विद्यार्थ्यांनी ‘प्रथम’ हा उपग्रह उभारण्यास घेतला. वजन जेमतेम १० किलो. काम मात्र नेमके. आयनांबरातून येताना त्याच्या रेडिओलहरींचे ध्रुवण किती वळते, हे जमिनीवर मोजून तेथील इलेक्ट्रॉनांचे प्रमाण काढायचे.

खरी अडचण काळाची होती. पदवी चार वर्षांची, उपग्रहाला लागली नऊ! आरंभ करणारे पदवी घेऊन गेले. अर्धे काम पुढच्या तुकड्यांच्या हाती आले. हा वारसा टिकला, हेच या मोहिमेचे मोठे यश मानावे लागेल.

२६ सप्टेंबर २०१६ रोजी श्रीहरिकोट्याहून पीएसएलव्ही-सी३५ झेपावले. ‘स्कॅटसॅट-१’ला आधी सोडून, इंजिन पुन्हा चेतवून, दोन तासांहून अधिक काळाने यानाने ‘प्रथम’ला निराळ्या कक्षेत सोडले.