जागा रिकामी करताना

आमच्या घरी मोडी कागदांचा एक रुमाल शिल्लक आहे. पूर्वी असे पाच होते, असे वडील सांगत. बाकीचे चार मी सात-आठ वर्षांचा असताना, दसऱ्यापूर्वी घराला चुना काढण्याच्या वेळी माळ्यावरून खाली उतरले आणि तसेच रद्दीत गेले. घरात मोडी वाचणारे कोणी उरले नव्हते आणि माळ्यावर धान्याच्या कोठ्यांसाठी जागा हवी होती. त्या चार रुमालांत काय होते, हे आता कोणालाच सांगता येणार नाही. कदाचित किराण्याच्या यादी आणि कर्जरोखेच असतील. पण टाकणाऱ्यांनी ते उघडून पाहिले नाहीत, ही खंत वडिलांना अखेरपर्यंत होती.

उरलेल्या रुमालाच्या प्रती संगणकात उतरवून ठेवाव्यात असे गेल्या उन्हाळ्यात ठरवले. त्यासाठी दादांचा, म्हणजे माझ्या दिवंगत ज्येष्ठ बंधूंचा, जुना लॅपटॉप कपाटातून काढला. एक पान स्वच्छ, रंगीत आणि न आवळता उतरवले, तर ते सुमारे पंचवीस मेगाबाइट जागा घेते. चारशे पानांना दहा गिगाबाइट लागणार होते आणि लॅपटॉपवर शिल्लक होते जेमतेम दोन. पुतण्याने एक नजर टाकून निदान केले, "काका, आधी गेम्स काढून टाका. सगळी जागा त्यांनीच अडवली आहे."

त्याचे म्हणणे खरे होते. यादी आकारमानाप्रमाणे लावल्यावर सुटीत येणाऱ्या नातवंडांचे तीन खेळ सर्वांत वर आले : मोटारशर्यतीचा, फुटबॉलचा आणि युद्धाचा. तिघांची मिळून एकतीस गिगाबाइट. जुन्या कागदांना जागा करण्यासाठी खेळ काढायचे, यात वावगे काहीच नव्हते. तरीही बोट थबकले. न उघडता टाकण्याचा प्रकार आमच्या घरात पूर्वी एकदा झाला होता. म्हणून ही जागेची टंचाई आणि हे काढून टाकणे आले कोठून, याचा थोडा मागोवा घेतला. तोच येथे मांडतो.

संगणकाच्या साठवणुकीचा इतिहास फार जुना नाही. १९५६ च्या सप्टेंबरमध्ये आयबीएम कंपनीने ‘रॅमॅक’ हे यंत्र जाहीर केले. फिरत्या चुंबकीय चकत्यांवर माहिती साठवणारे हे पहिले व्यापारी यंत्र होय. चोवीस इंच व्यासाच्या पन्नास चकत्या, एक टनाच्या आसपास वजन, महिन्याचे भाडे ३,२०० डॉलर आणि एवढ्या संसारात मावत होती पन्नास लाख अक्षरे. आमच्या रुमालाचे एक पानसुद्धा त्यात बसले नसते. अशा महागड्या जागेत खेळ ठेवण्याची कल्पनाही कोणाला सुचली नसती.

खेळ आले ते निराळ्या वाटेने. अमेरिकेतील एमआयटी या संस्थेत १९६२ मध्ये स्टीव्ह रसेल आणि त्यांच्या मित्रांनी पीडीपी-१ या संगणकावर ‘स्पेसवॉर’ हा दोन अंतराळयानांच्या लढाईचा खेळ रचला. तो भोके पाडलेल्या कागदी पट्टीवर राहत असे. खेळायचे तेव्हा पट्टी यंत्रात घालावी, खेळून झाल्यावर खणात ठेवावी. पुढच्या माणसाने आपले काम यंत्रात भरले की खेळ आपोआप पुसला जाई आणि त्याचे कोणाला काही वाटत नसे, कारण पट्टी खणात शाबूत असे.

घरगुती संगणकांच्या काळात पट्टीची जागा फ्लॉपीने घेतली. सव्वापाच इंची फ्लॉपीवर ३६० किलोबाइट आणि नंतरच्या साडेतीन इंचीवर १.४४ मेगाबाइट मावत. जागेच्या या ओढाताणीतून काही वेळा कल्पकताही जन्मली. जॉर्डन मेक्नर यांनी ॲपल-२ या संगणकासाठी रचलेला ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ हा खेळ १९८९ मध्ये आला. नायकाच्या हालचालींच्या चित्रांनीच संगणकाची स्मृती भरून गेली, प्रतिस्पर्ध्याची वेगळी चित्रे ठेवायला जागा उरली नाही. तेव्हा मेक्नर यांनी नायकाचीच चित्रे किंचित सरकवून एकमेकांवर टाकली आणि त्यांतून नायकाची छाया उभी केली. आरशातून बाहेर पडून त्याच्याच वाटेत आडवी येणारी ही छाया पुढे त्या खेळाचे सर्वांत लक्षात राहणारे पात्र ठरली.

याच खेळाची दुसरी हकिकत आपल्यासारख्या जुन्या घरांतील माणसांना अधिक जवळची वाटेल. खेळ जगभर पसरला, पण त्याची मूळ आज्ञावली, म्हणजे कर्त्याची हस्तलिखित पोथीच म्हणा, मेक्नर यांना सापडेना. अनेक वर्षे ती हरवली असेच ते समजून होते. २०१२ मध्ये त्यांच्या वडिलांना घरातील कपाट आवरताना मागे पडलेला जुन्या फ्लॉप्यांचा खोका मिळाला. जाणकारांनी जुनी यंत्रे जुळवून त्या वाचल्या आणि मेक्नर यांनी ती आज्ञावली सर्वांसाठी खुली केली. वडिलांनी तो खोका न पाहता फेकला असता, तर या कथेचा शेवट आमच्या माळ्यासारखाच झाला असता.

‘काढून टाकणे’ हे स्वतंत्र काम झाले ते हार्ड डिस्क घरोघरी आल्यावर. आयबीएमच्या १९८३ च्या ‘एक्सटी’ संगणकात दहा मेगाबाइटची हार्ड डिस्क होती. खेळ आता फ्लॉपीवरून तिच्यावर उतरवला जाऊ लागला, म्हणजे संगणकात कायमचा मुक्कामाला आला. १९९३ मध्ये ‘मिस्ट’ हा खेळ सीडीवर आला. एका सीडीत सुमारे साडेसहाशे मेगाबाइट मावत आणि तेव्हाच्या अनेक संगणकांची संपूर्ण हार्ड डिस्क याहून लहान असे. म्हणून खेळाचा थोडा भाग संगणकात आणि उरलेला सीडीवरच, अशी विभागणी चाले.

मुक्कामाला आलेला पाहुणा बाहेर काढणे मात्र सोपे नव्हते. विंडोजच्या सुरुवातीच्या आवृत्त्यांत एखादी आज्ञावली आपले सामान चार खोल्यांत पसरून ठेवी. तिचा मुख्य कप्पा पुसला तरी उरलेले तुकडे प्रणालीत अडगळ होऊन राहत आणि दुसऱ्याचे सामान चुकून उचलले तर भलतेच काही बंद पडे. ऑगस्ट १९९५ मध्ये आलेल्या विंडोज ९५ ने आज्ञावल्या घालण्या-काढण्याची एकत्र यादी दिली. आपल्या मालावर विंडोज ९५ चे अधिकृत चिन्ह छापू इच्छिणाऱ्या कंपन्यांना आपली आज्ञावली नीट निघून जाईल अशी सोय करणे बंधनकारक झाले. आज आपण एका टिचकीने खेळ काढतो, ती सवय तेव्हापासूनची.

या टिचकीने नेमके काय होते, हेही समजून घेण्यासारखे आहे. जुन्या चुंबकीय चकतीवर खेळ पुसला म्हणजे त्याचा मजकूर लगेच नाहीसा होत नाही. अनुक्रमणिकेतील त्याची नोंद तेवढी जाते आणि ती जागा ‘मोकळी’ ठरते. दुसरे काही तिच्यावर लिहिले जाईपर्यंत जुना मजकूर तेथेच असतो आणि जाणकाराला तो परत काढताही येतो. नव्या एसएसडी प्रकारात ही सवलत फारशी उरलेली नाही. प्रणाली मोकळ्या जागेची वर्दी देते आणि डिस्क ती थोड्याच वेळात खरोखर पुसून टाकते. आणखी एक गोष्ट : खेळ निघाला तरी खेळणाऱ्याने जपून ठेवलेली प्रगती पुष्कळदा वेगळ्या कप्प्यात मागे राहते. घर पडले तरी तुळशीवृंदावन राहावे, तसे.

२००३ च्या सप्टेंबरमध्ये व्हॉल्व्ह कंपनीने ‘स्टीम’ ही सेवा सुरू केली आणि सीडीचे डबे हळूहळू दिसेनासे झाले. खेळ विकत घ्यायचा, तारेवरून उतरवायचा, जागा हवी असेल तेव्हा काढायचा आणि मन होईल तेव्हा पुन्हा उतरवायचा. वरवर पाहता ही कागदी पट्टीच्या काळाची पुनरावृत्ती होती. फरक एवढाच की खण आता आपल्या घरात नव्हता. या निर्धास्तपणाने खेळांचे आकारही बेसुमार वाढले. ‘कॉल ऑफ ड्यूटी’ या मालिकेतील २०१९ चा खेळ पुढच्याच वर्षी संगणकावर दोनशे गिगाबाइटच्या पुढे गेला. रॅमॅकच्या मापाने ही चाळीस हजार यंत्रे झाली! अखेर खेळाचे नको असलेले भाग वेगळे काढण्याची सोय कंपनीला द्यावी लागली.

खण दुसऱ्याच्या घरात असण्याचा अर्थ २०१५ मध्ये स्पष्ट झाला. हिदेओ कोजिमा यांचा ‘पी. टी.’ हा छोटा भयखेळ कोनामी कंपनीने ऑगस्ट २०१४ मध्ये प्लेस्टेशन ४ वर विनामूल्य दिला होता. पुढच्या एप्रिलमध्ये तो दुकानातून काढून घेतला गेला. ज्यांनी तोवर जागेसाठी तो पुसला होता, त्यांना तो पुन्हा उतरवता येईना. ज्यांनी पुसला नव्हता, त्यांची यंत्रे चढ्या भावाने विकली जाऊ लागली. मार्च २०२३ मध्ये निन्टेन्डोने आपल्या दोन जुन्या यंत्रांवरील खेळांची विक्री थांबवली. युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ हा मोटारींचा खेळ २०१४ मध्ये आला आणि ३१ मार्च २०२४ रोजी त्याचे केंद्रीय संगणक बंद झाले. पैसे मोजून घेतलेला खेळ लोकांच्या संगणकात असूनही चालेनासा झाला. कॅलिफोर्निया राज्याने त्याच वर्षी कायदा केला की, अशा वस्तू विकताना ग्राहकाला मालकी मिळत नसून केवळ परवाना मिळतो, हे दुकानदाराने स्पष्ट सांगावे. १ जानेवारी २०२५ पासून तो अमलात आला.

हानी किती झाली आहे, याची मोजदादही झाली आहे. अमेरिकेतील ‘व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन’ने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार २०१० पूर्वी त्या देशात निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात सरळ मार्गाने मिळत नाहीत. त्यांतील पुष्कळ सामान्य दर्जाचे असतील. पण हाच युक्तिवाद मोडी रुमालांनाही लागू होता. शिंद्यांच्या वतीने कोट्यास कारभार पाहणाऱ्या गुळगुळे घराण्याच्या दप्तरात रोजच्या व्यवहाराचेच कागद अधिक. त्या दप्तराच्या आधारे अठराव्या शतकातील माळवा-राजस्थानचा इतिहास पुढे अभ्यासकांना मांडता आला. १८९८ मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड काढणारे राजवाडे गावोगाव हिंडले ते अशाच कागदांसाठी. कोणता कागद पुढे बोलेल, हे तो टाकणाऱ्याला त्या दिवशी कळत नसते.

दादांच्या लॅपटॉपवर आकाराने नगण्य असा आणखी एक खेळ होता : विंडोजबरोबरच येणारा पत्त्यांचा फ्रीसेल. या खेळाच्या मूळ आवृत्तीत ३२,००० क्रमांकित डाव होते. १९९४-९५ मध्ये काही हौशी मंडळींनी ते आपसांत वाटून घेऊन सोडवले. क्रमांक ११९८२ चा तेवढा कोणालाच सुटला नाही. विंडोज ८ पासून, म्हणजे २०१२ पासून, हे जुने खेळ प्रणालीसोबत येणे बंद झाले. जागेबरोबर नवी प्रणालीही घालावी, असे पुतण्याचे मत होते. तसे केले असते, तर फ्रीसेल कोणी न काढताच गेला असता.

लॅपटॉपच्या पिशवीत एक पाठकोरी वही निघाली. दादांनी निवृत्तीनंतर पहिल्या डावापासून क्रमाने सुरुवात केली होती. सुटलेल्या डावापुढे खूण आणि न सुटलेल्यापुढे तारीख. पुन्हा बसून सोडवला की दुसरी तारीख. काही डावांपुढे पाच-पाच तारखा आहेत. सणावारी नोंद नाही, वहिनी आजारी असतानाचे दोन महिने कोरे आहेत, त्यानंतर अक्षर थोडे मोठे झाले आहे. शेवटची नोंद ४,३०६ क्रमांकाची, इस्पितळात दाखल होण्याच्या आदल्या दिवसाची. तिच्यापुढे एकच तारीख आहे. दादांनी रोजनिशी कधी लिहिली नाही. त्यांच्या अखेरच्या बारा वर्षांचा माझ्या हाती असलेला कागद हाच.

आम्ही नातवंडांना दूरध्वनी करून विचारले. फुटबॉल आणि मोटारी नकोत, असे उत्तर आले. युद्धाच्या खेळातील प्रगती मात्र थोरल्याला हवी होती. तो कप्पा शोधून पेनड्राइव्हवर उतरवला, तेव्हा त्याचा आकार तीन मेगाबाइट निघाला. त्यानंतर तिन्ही खेळ काढले. एकतीस गिगाबाइट जागा झाली आणि रुमाल त्यात सहज बसला. प्रणाली बदलली नाही. लॅपटॉप इंटरनेटला न जोडता तसाच वापरायचे ठरले.

वाचकांपैकी अनेकांच्या घरी असे माळे आहेत आणि आता असे लॅपटॉपही. जागा करू नये, असे मी म्हणणार नाही. जागा न करणाऱ्या घरात पुढची पिढी राहू शकत नाही. टाकण्यापूर्वी एकदा उघडून पाहावे, त्याची दुसरी प्रत कोणाकडे आहे का ते विचारावे आणि काय टाकले याची एक ओळ लिहून ठेवावी, इतकेच. आमच्या त्या चार रुमालांची एक ओळ जरी कोणी लिहून ठेवली असती, तरी वडिलांना पुरे झाली असती.

दादांची वही आता रुमालासोबत ट्रंकेत आहे. ४,३०६ वा डाव मी अधूनमधून मांडून पाहतो. अजून सुटलेला नाही, पण सुटणारा आहे.