बेटावरची मुले आणि गोष्टीतले बेट

शीव स्थानक सोडून लोकल कुर्ल्याकडे निघते तेव्हा आपण एका बेटावरून दुसऱ्या बेटावर जात आहोत, असे डब्यातल्या कोणाच्याही मनात येत नाही. यायचे कारणही नाही. दोन्ही बाजूंना वस्ती आहे, उड्डाणपूल आहेत, काळ्या पाण्याचे नाले आहेत. परंतु अठराव्या शतकाच्या अखेरपर्यंत इथे खाडी होती, खाजण होते, आणि पलीकडे जायचे तर तरीने जावे लागे. शीव म्हणजे सीमा. इंग्रजांचा मुलूख तिथे संपत असे आणि पलीकडे साष्टी बेट सुरू होई. त्याच्या दक्षिण टोकाशी कुर्ले. १७३७ पर्यंत हा पलीकडचा मुलूख पोर्तुगीजांचा होता, १७७४ पर्यंत मराठ्यांचा आणि त्यानंतर इंग्रजांचा. गव्हर्नर जोनाथन डंकनच्या कारकिर्दीत, १७९८ ते १८०५ या काळात, शीव आणि कुर्ले यांना जोडणारा सेतू बांधून झाला. १८५३ मध्ये आगगाडी आली. कुर्ल्याचे नाव कुर्लीवरून, म्हणजे चिखलातल्या खेकड्यावरून, आले असे सांगतात. ती कुर्लीही पुढे नावापुरतीच उरली.

कुर्ल्यातल्या एका वर्गात मी एकदा मुलांना बेटांची नावे विचारली होती. अंदमान, लंका, लक्षद्वीप अशी उत्तरे आली. एका मुलाने ‘खजिन्याचे बेट’ असे उत्तर दिले आणि वर्ग हसला. आपण बसलो आहोत तेच बेट आहे, हे कोणी म्हणाले नाही. भूगोलाच्या दृष्टीने ही किरकोळ चूक असेल. वाङ्मयाच्या इतिहासाच्या दृष्टीने मात्र ती मला विचार करण्याजोगी वाटते. मराठी बालवाङ्मयात जादूचे, लपलेले, सहज न सापडणारे बेट आहे, पण ते जवळजवळ नेहमी बाहेरून आलेले असते: अरबीतून, इंग्रजीतून, फ्रेंचमधून, तेलुगूतून. यावर आपली ठरलेली टीका अशी, की मराठी बालसाहित्य परभृत आहे, उसनवारीवर जगते. ही टीका अर्धवट आहे, असे मला वाटते. यातले एक बेट तरी उसने नाही. ते इथूनच गेलेले आहे.

सिंदबादची पहिली सफर आठवावी. गलबत एका हिरव्यागार बेटाला लागते, खलाशी उतरतात, कोणी कपडे धुतो, कोणी चूल पेटवतो, आणि बेट हलू लागते. ते बेट नसतेच. ती एक प्रचंड मासळी असते, आणि तिच्या पाठीवर वर्षानुवर्षे वाळू साचून झाडे उगवलेली असतात. मुलांच्या मनात आधी रुतते ते हे बेट. रुख पक्षी आणि हिऱ्यांची दरी नंतर. या कल्पनेचे पाळेमुळे पार जुनी आहेत. ग्रीक प्राणिकथांत ती सापडते, आयर्लंडच्या संत ब्रेंडनच्या प्रवासातही सापडते, तेव्हा ती अमुक बंदरात जन्मली असा दावा करण्याचा मोह टाळलेला बरा. पण अरबी वाङ्मयात ती ज्या वळणाने आली ते वळण आपल्या किनाऱ्याजवळचे आहे. दहाव्या शतकात बुजुर्ग इब्न शहरयार या इराणी नाखव्याच्या नावावर ‘अजाइब अल्-हिंद’, म्हणजे हिंदुस्थानातील नवलाच्या गोष्टी, हा संग्रह तयार झाला. ओमान आणि सिराफ बंदरांतल्या दर्यावर्दींकडून ऐकलेल्या हकिकती त्यात आहेत. खलाशांनी बेट समजून ज्याच्या पाठीवर आग पेटवली त्या कासवाची हकिकत त्यातलीच. या दर्यावर्दींच्या तोंडी जी बंदरे वारंवार येतात त्यांत सैमूर म्हणजे आपले चौल आहे आणि ताना म्हणजे ठाणे. इतिहासकार मसूदी स्वतः ९१६ च्या सुमारास चौलला येऊन गेला होता, आणि तिथल्या अरब व्यापाऱ्यांच्या मोठ्या वस्तीचे वर्णन त्याने केले आहे.

जुने ठाणे हे साष्टी बेटावरचे गाव. म्हणजे कुर्ले ज्या बेटाच्या एका टोकाला, ठाणे त्याच्याच दुसऱ्या टोकाला. ज्या नाखव्यांनी चमत्कारिक बेटांच्या गोष्टी बसऱ्यापर्यंत पोहोचवल्या त्यांची गलबते इथल्या खाडीत नांगरत होती. अरबांच्या दृष्टीने ‘दूर समुद्रातले नवलाचे ठिकाण’ म्हणजे हाच किनारा होता. आपण त्या गोष्टींचे वाचक नंतर झालो. आधी त्यांचा प्रदेश होतो.

या गोष्टी परत आल्या त्या मात्र मोठा वळसा घेऊन. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी’ १८६१ पासून भागाभागाने प्रसिद्ध करायला सुरुवात केली ती इंग्रजीवरून. पुढे विष्णुशास्त्र्यांचाही या कामाला हात लागला. चौल-ठाण्याचा समुद्र बसरा, कैरो, पॅरिस आणि लंडन फिरून पुण्यात पोहोचला, तेव्हा तो अर्थातच परका होऊन आला होता. शास्त्रीबोवांची भाषा इतकी सहज, प्रवाही मराठी आहे की मूळ इंग्रजीचा वासही लागत नाही. पण त्यातला समुद्र आपला आहे असे सुचवण्याचे कारण त्यांच्यापुढे नव्हते. पुस्तक मुळात मुलांसाठी नव्हते. मुलांनी ते हळूहळू आपलेसे केले आणि पुढच्या पिढ्यांनी त्याच्या संक्षिप्त आवृत्त्या काढून त्यावर शिक्कामोर्तब केले. (गौरी देशपांडे यांनी बर्टनच्या प्रतीवरून केलेले सोळा खंडांचे भाषांतर पुढे आले. ते प्रौढांसाठी आहे, आणि या गोष्टींत मुलांपासून काय काय लपवले गेले होते ते त्यातून कळते. तो विषय वेगळा.)

या अनुवादाची छाया त्या काळच्या अद्भुतरम्य कादंबऱ्यांवर पडली, हे आपण अभ्यासक्रमात शिकतो आणि शिकवतो. हळब्यांची ‘मुक्तामाला’ १८६१ ची, रिसबुडांची ‘मंजुघोषा’ १८६८ ची. पण एक गोष्ट सहसा सांगितली जात नाही. अद्भुत मराठीत रुजले, समुद्र रुजला नाही. अरण्ये, गुहा, भुयारे, वेषांतरे, दैवयोग हे सारे आले. बेट मागे राहिले.

याचे एक कारण देशावरचे लेखक समुद्रापासून दूर होते हे असेल. मला ते पुरेसे वाटत नाही. दुसरे कारण भाषेतच शोधावे लागते. मराठीत ‘बेट’ या शब्दाला दोन अर्थ आहेत. पाण्याने वेढलेली जमीन हा एक. दुसरा, घाटावर अधिक कानावर पडणारा, म्हणजे एकाच जागी दाट वाढलेला झाडांचा पुंजका: बांबूचे बेट, केळीचे बेट. पाणी नसले तरी बेट असू शकते. भोवतालापासून तुटलेली, आत शिरायला अवघड, आत काही दडलेले असू शकेल अशी कोणतीही जागा मराठीत बेट होते.

१८६५-६६ च्या हिवाळ्यात मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर दक्षिण महाराष्ट्राच्या दौऱ्यावर होते. सोबत त्यांची मुलगी मेरी होती आणि तिच्या सेवेला अॅना लिबेराता डिसूझा ही आया. करमणुकीखातर अॅनाने आपल्या आजीकडून ऐकलेल्या गोष्टी सांगितल्या, मेरीने त्या इंग्रजीत उतरून घेतल्या आणि १८६८ मध्ये ‘ओल्ड डेक्कन डेज’ या नावाने त्या छापल्या गेल्या. हिंदुस्थानी लोककथांच्या इंग्रजी संग्रहांत हा अगदी सुरुवातीचा. पुस्तकावर नाव मेरीचे. पण अॅनाचे आत्मकथनही आत छापलेले आहे, आणि ते गोष्टींइतकेच वाचनीय आहे. त्यातली ‘पंचकिन’ ही गोष्ट जादूगाराची. त्याचा जीव त्याच्या शरीरात नाही, एका हिरव्या पोपटात आहे. पोपट कुठे? लाखो कोस दूर, निर्मनुष्य घनदाट अरण्यात माडांचे एक कडे आहे, त्या कड्याच्या मध्यभागी पाण्याने भरलेल्या सहा घागरींची उतरंड आहे आणि तिच्या तळाशी पिंजरा.

हे चित्र नीट पाहावे. मधोमध गुपित, भोवती वर्तुळ, पाणी आहे पण घागरीत, माड आहेत पण अरण्यात. समुद्राच्या सगळ्या खुणा शिल्लक आहेत, समुद्र तेवढा नाही. हे बेटच आहे, दुसऱ्या अर्थाचे. आपल्या आज्या ‘सातासमुद्रापलीकडे राक्षसाचा प्राण’ म्हणत तेव्हा सात समुद्र एका दमात उरकत आणि पिंजऱ्यापाशी येऊन थांबत. प्रवासाचे वर्णन त्यांना करायचे नसे. लपवलेली वस्तू महत्त्वाची, वाट नव्हे. स्टीव्हन्सनच्या खजिन्याच्या बेटाचे सगळेच उलट आहे. तिथे आधी नकाशा काढला गेला आणि मग त्या नकाशातून कादंबरी निघाली.

साष्टी बेटावर स्वतःची दंतकथा नव्हती असेही नाही. कान्हेरीच्या लेण्यांविषयी पोर्तुगीज इतिहासकार दियोगो दो कूतो याने जे लिहिले आहे ते कोणत्याही बालकादंबरीत शोभेल. कोणी पाद्री सोबत माणसे, दोरखंड आणि शिधा घेऊन तिथल्या भुयारात शिरला, सात दिवस चालला, आणि शेवट न लागता परतला. ती लेणी एका राजाने आपल्या मुलाला जगाचे दुःख दिसू नये म्हणून बांधली, अशी कथाही त्याने नोंदवली आहे. म्हणजे बुद्धाची कथा, ख्रिस्ती संत जोसाफतच्या वेषात, आमच्या बेटावर. ही सामग्री पोर्तुगीजात राहिली. मराठीत या भागाविषयी जे जुने गद्य आहे, म्हणजे राजवाड्यांनी १९२४ मध्ये प्रसिद्ध केलेली ‘महिकावतीची बखर’, त्याला नवलाशी कर्तव्य नाही. बिंब राजाचे येणे, गावांची वाटणी, वतने, कुळे. इथे राहणाऱ्याला बेट म्हणजे शेत, मिठागर आणि हक्क. नवल वाटायला माणूस बाहेरून यावा लागतो.

आणि मग किल्ला येतो. अरबीत ‘जझीरा’ म्हणजे बेट. त्याचे मराठीत ‘जंजिरा’ झाले आणि अर्थ बदलून ‘पाण्यातला किल्ला’ असा झाला. परक्या भाषेतून बेटाचा शब्द घेतला तो तटबंदीसकट. सिंधुदुर्ग कुरटे बेटावर १६६४ पासून बांधला गेला. बेटाचे नाव आज शिवप्रेमींखेरीज कोणाला आठवते? सुवर्णदुर्ग, पद्मदुर्ग, खांदेरी, उंदेरी ही सगळी बेटेच, पण मराठी मुलाच्या मनात ती बेटे म्हणून नाहीत. साहसाची जी जागा इंग्रज मुलाने निर्जन बेटाला दिली ती मराठी मुलाने गडाला दिली: चोरवाटा, भुयारे, तळघरातला खजिना, वेढा आणि सुटका यांसकट. दिवाळीत चाळीच्या अंगणात मातीचा जो किल्ला होतो तो मुलांनी स्वतः रचलेला, मोठ्यांची लुडबुड नसलेला अद्भुताचा प्रदेश आहे. कुर्ल्याच्या गिरणी कामगारांची मुलेही तो करत. स्वदेशी मिलच्या भोंग्यावर दिवस चालणाऱ्या या वस्तीतली कितीतरी कुटुंबे कोकण आणि घाटावरची. पोरांनी विटा, पोती आणि चिखल जमवून सह्याद्री उभा करायचा. मात्र मुलांच्या साहित्याचा इतिहास लिहिताना आपण फक्त छापील पाने मोजतो, हा किल्ला मोजत नाही.

छापील पानांवर बेट आणण्याचे मोठे श्रेय भा. रा. भागवतांचे. ज्यूल व्हर्न मराठी मुलांच्या घरात आला तो मुख्यतः त्यांच्यामुळे. परंतु याच भागवतांनी स्वतःचा नायक घडवला तेव्हा काय केले? बनेश फेणे फुरसुंगीचा, शिकायला पुण्यात, आणि त्याचे वाहन सायकल. फास्टर फेणेला त्यांनी निर्जन बेटावर टाकले नाही, ओळखीच्या रस्त्यावर सोडले. मला हा भागवतांचा फार शहाणा निर्णय वाटतो. व्हर्नचा समुद्र त्यांना पुरेपूर ठाऊक होता, म्हणूनच तो उसना आणायचे त्यांनी टाळले असावे.

चाळीतल्या मुलांपर्यंत जादूचे बेट सर्वाधिक पोहोचवले ते मात्र समीक्षकांनी ज्याची दखलच घेतली नाही अशा मासिकाने. मद्रासहून निघणाऱ्या ‘चंदामामा’ची मराठी आवृत्ती ‘चांदोबा’ १९५२ मध्ये सुरू झाली. त्यातल्या क्रमशः चालणाऱ्या अद्भुत कथांत मांत्रिक, राक्षस, मगरीच्या तोंडाचे देव, पाताळातले दुर्ग आणि समुद्रातली बेटे असत. त्यांतल्या एका मालिकेचे मूळ तेलुगू नावच ‘ज्वालाद्वीपम्’ आहे. हे सारे लिहिणारा माणूस एक होता, दासरी सुब्रह्मण्यम्, आणि त्याचे नाव मालिकांवर छापले जात नसे. चित्रांखाली ‘चित्रा’ अशी सही असे, ती मात्र मुलांना पाठ होती. दासरी २०१० मध्ये वारले. सिंदबादचा कर्ता अज्ञात आहे हे आपण समजू शकतो, त्याला हजार वर्षे झाली. पण आपल्या डोळ्यांदेखत दोन पिढ्यांना ज्याने बेटावर नेले त्याचे नाव मराठी बालसाहित्याच्या चर्चेत क्वचितच येते. तो मराठी नव्हता हे कारण असेल, तर कृष्णशास्त्र्यांची शहराजादही मराठी नव्हती.

तेव्हा उसनवारीचा प्रश्न मला वेगळा मांडावासा वाटतो. गोष्टी बाहेरून आल्या, ही तक्रार नाही. आलेली गोष्ट जिथे उतरते ती जमीन कशी आहे हे मुलाला कळू नये, अशी व्यवस्था सेतूने, भरावाने आणि क्रमिक पुस्तकांनी मिळून केली. १९७७ पासून मिठीच्या काठच्या खाजणात वांद्रे-कुर्ला संकुल उभे राहू लागले तेव्हा पाण्याची उरलीसुरली कडही पुसली गेली.

पाण्याला मात्र जुनी हद्द आठवते. दर पावसाळ्यात ‘शीव आणि कुर्ला यांदरम्यान रुळांवर पाणी साचल्याने’ अशी घोषणा होते, ती नेमकी त्या बुजवलेल्या खाडीच्या जागी. २६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, मिठी उलटी फिरली आणि कुर्ल्यातल्या वस्त्या एकमेकींपासून तुटल्या. गाड्या जागच्या जागी उभ्या राहिल्या. पहिल्या मजल्यावरच्यांनी तळमजल्यावरच्यांना वर घेतले, माणसे दोर धरून छातीइतक्या पाण्यातून चालली, कित्येक घरी पोहोचलीच नाहीत. त्या रात्री जी मुले जिन्यावर बसून वाढत्या पाण्याच्या पायऱ्या मोजत होती, ती आता तिशीच्या आसपास आहेत. चूल पेटवल्यावर पायाखालची जमीन हलते म्हणजे काय, हे त्यांना सिंदबाद न वाचताही ठाऊक आहे.