इंग्रजी-अध्ययन अनुदान (अमेरिका)

अमेरिकेच्या सार्वजनिक शाळांतील ज्या मुलांची घरची भाषा वेगळी आहे आणि ज्यांचे इंग्रजी वर्गातले शिकवणे समजण्याइतके तयार झालेले नाही, त्यांच्यासाठी संघीय शासनाकडून राज्यांना मिळणारे अर्थसाहाय्य. अशी मुले सुमारे पन्नास लाख, म्हणजे दर दहांत एक आहेत. त्यांत स्पॅनिशभाषक सर्वाधिक.

टेक्ससचे सिनेटर राल्फ यारबरो यांनी पुढाकार घेतलेला द्विभाषिक शिक्षण कायदा १९६८ मध्ये झाला. त्यावर सही करणारे राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी तरुणपणी कोटुला या गावी मेक्सिकन-अमेरिकन मुलांना शिकवले होते. अनुदान मात्र तुटपुंजे होते आणि ते मागायचे की नाही, हे शाळांवर सोडलेले होते. सक्ती आली ती न्यायालयातून. सॅन फ्रान्सिस्कोतील चिनीभाषक विद्यार्थ्यांच्या ‘लाउ विरुद्ध निकल्स’ खटल्यात (१९७४) सर्वोच्च न्यायालयाने १९६४ च्या नागरी हक्क कायद्याच्या आधारे निर्णय दिला : भाषाच कळत नसेल, तर सर्वांना तीच पुस्तके आणि तेच शिक्षक देऊन समान वागणूक होत नाही. उपाय कोणता करावा हे न्यायालयाने सांगितले नाही. खर्चाची सोयही लावली नाही.

२००१ च्या शिक्षण कायद्याने प्रकल्पवार अनुदानाऐवजी सूत्र आणले. राज्याच्या वाट्यातील ८० टक्के भाग इंग्रजी शिकणाऱ्या मुलांच्या संख्येवर आणि २० टक्के नुकत्याच आलेल्या स्थलांतरित मुलांच्या संख्येवर ठरतो. ज्या शालेय जिल्ह्याचा हिस्सा १०,००० डॉलरपेक्षा कमी भरतो, त्याला स्वतंत्र अनुदान मिळत नाही. असे छोटे जिल्हे गट करून अर्ज करतात. ही रक्कम केवळ पूरक आहे. कायद्याने शाळेवर आधीच बंधनकारक असलेला खर्च तिच्यातून भागवता येत नाही, त्यामुळे ती मुख्यतः शिक्षक-प्रशिक्षण, जादा वर्ग आणि पालकांसाठीचे उपक्रम यांवर खर्च होते. सूत्रात एक विसंगतीही आहे : मूल इंग्रजीत तरबेज ठरले की गणनेतून गळते, म्हणजे शाळेचे यश तिच्या अनुदानाला कात्री लावते.

२०२४ मध्ये या कामासाठी सुमारे ८९ कोटी डॉलर मंजूर झाले. विद्यार्थ्यामागे दोनशे डॉलरही पडत नाहीत. २०२५ मध्ये ट्रम्प प्रशासनाने ही तरतूद पूर्णपणे रद्द करण्याचा प्रस्ताव मांडला.

खरा भार राज्ये आणि जिल्हेच उचलतात. कॅलिफोर्नियात २०१३ पासून इंग्रजी शिकणारी, गरीब किंवा पालनगृहातील मुले यांच्यामागे मूळ अनुदानाच्या २० टक्के जादा रक्कम मिळते. मूल एकाहून अधिक गटांत बसले तरी ते एकदाच मोजले जाते.